कातळावरचा हत्ती, सातबाऱ्यावरचा पोटखराबा

कोकणाबद्दल बोलताना लोक समुद्राबद्दल बोलतात, आंब्याबद्दल बोलतात, खाडी, नारळी-पोफळी, देवळं, दशावतार यांबद्दल बोलतात. सड्याबद्दल कोणी बोलत नाही. रत्नागिरी आणि सिंधुदुर्गात समुद्रापासून थोडं आत चढून आलं की मैलोन् मैल पसरलेला जांभ्याचा सपाट कातळ लागतो, तो सडा. वाडी खाली असते, पाणी खाली असतं, देऊळ खाली असतं. सडा वर, उघडा, एका गावाहून दुसऱ्या गावाला जाताना मध्ये लागणारा. एसटीच्या खिडकीतून तो काळपट, ओसाड दिसतो आणि प्रवासी डोळे मिटून घेतात.

माझं आजोळ राजापूर तालुक्यातलं, म्हणून सडा मला लहानपणापासून ओळखीचा. आजीला विचारलं की वर काय आहे, तर ती म्हणायची, "काय असणार? कातळ." आणि दुसऱ्याच वाक्यात सांगायची की श्रावणात गुरांना गवत तिथलंच, कुळीथ वाळत घालायचा तो तिथेच, आणि आपल्या बावीला पाणी येतं तेही वरूनच. तिच्या या दोन वाक्यांच्या मधल्या जागेत, मला वाटतं, परिसर-विचाराचा बराचसा इतिहास मावतो.

सड्याची गंमत पावसात सुरू होते. उन्हाळाभर हा कातळ काळा दिसतो, कारण त्याच्या पृष्ठावर शैवाल आणि दगडफुलांचा वाळलेला पापुद्रा असतो. मृगाच्या पहिल्या सरी पडल्या की तोच पापुद्रा हिरवा होतो. भेगांमध्ये वर्षभर दडून राहिलेले कंद उगवतात. त्यात पांढऱ्या, लांब नळीच्या फुलांची दिपकाडी असते. ही दिपकाडी कोकणाबाहेर फारशी सापडत नाही, तिचं जग जवळजवळ एवढंच. श्रावण लागतो तेव्हा बोटभर मातीवर निळीजांभळी सीतेची आसवं उभी राहतात, गेंदाच्या पांढऱ्या टिकल्यांनी ओलसर खळगे भरतात, तेरडा येतो, कवल्याची पिवळी फुलं येतात. दवबिंदू नावाची वनस्पती आपल्या चिकट केसांवर कीटक पकडून बसलेली असते. सीतेची आसवंही दिसतात तितकी भाबडी नाहीत. त्यांच्या मुळांपाशी सूक्ष्म पिशव्या असतात, ओल्या मातीतले बारीक जीव त्यांत ओढले जातात. या मातीत नत्र इतकं कमी आहे की झाडांना ते शिकारीतून मिळवावं लागतं. दिवाळीपर्यंत सगळं गवत होऊन वाळतं आणि पुन्हा कातळ उरतो.

जांभा हा मुळातच पावसानं घडवलेला दगड. लाखो वर्षांच्या उष्ण, ओल्या हवेत मूळच्या खडकातली सिलिका झिजून, विरघळून वाहून गेली आणि लोह-ॲल्युमिनियम मागे राहिलं. म्हणून तो लाल आणि म्हणूनच सच्छिद्र. वरचं कवच कठीण, आत पोकळ्या. पाऊस सड्यावर पडतो, काही वाहून जातो, बराचसा झिरपतो आणि सड्याच्या कडेला, जिथे जांभ्याचा थर संपतो तिथे, झरा होऊन बाहेर येतो. कोकणातल्या कितीतरी वाड्या नेमक्या याच कडेखाली वसलेल्या आहेत. पऱ्यावर, म्हणजे ओहोळावर, बंधारा घालून पाट काढणारे लोक भूजलशास्त्राचं पुस्तक वाचून आले नव्हते. पाणी कुठून येतं हे त्यांना माहीत होतं आणि वरच्या जागेला हात लावायचा नाही एवढं पुरेसं होतं.

मात्र सरकारी कागदावर या सगळ्याला जागा नाही. सातबारा उतारा उघडा. जिरायत, बागायत, वरकस आणि मग पोटखराबा. ज्या जमिनीतून पीक निघत नाही ती पोटखराब्यात. सारा बसवण्यासाठी तयार झालेली ही व्यवस्था आहे, आणि सारा जिथून मिळत नाही ती जमीन वाया गेलेली, हा तिचा पाया. इंग्रज गेले, शेतसारा नावापुरता उरला, तरी रकाने राहिले. देशातल्या पडीक जमिनींचे जे नकाशे केंद्र सरकार उपग्रहांच्या मदतीनं प्रसिद्ध करतं, त्यातही 'ओसाड खडकाळ क्षेत्र' हा एक स्वतंत्र वर्ग आहे. एकदा जमीन पडीक ठरली की ती वापरात आणणं हे पुण्यकर्म होतं. मग तिथे कारखाना येवो, खाण येवो की वृक्षारोपण.

वृक्षारोपणाचं नाव घेतल्यावर काहींना धक्का बसेल, म्हणून थोडं थांबून सांगते. पर्यावरण म्हणजे झाडं, हे समीकरण आपल्याकडे शाळेपासून रुजलेलं आहे. जिथे झाड नाही तिथे निसर्ग बिघडलेला आहे, असं आपण मनोमन धरून चालतो. गवताळ माळ, वाळवंट, कातळपठारं या जागा निसर्गतःच उघड्या असतात आणि त्यांची स्वतःची जीवसृष्टी त्या उघडेपणावरच जगते, हे समजायला शास्त्रालाही वेळ लागला. सड्यावर सुरूची किंवा ऑस्ट्रेलियन बाभळीची रांग लावणारा माणूस चांगल्या मनानंच लावतो, पण त्या सावलीत दिपकाडी मरते आणि टिटवीला अंडी घालायला जागा राहत नाही.

सह्याद्री आणि कोकणातल्या कातळपठारांचा शिस्तीनं अभ्यास करणाऱ्यांमध्ये अपर्णा वाटवे यांचं नाव आधी घ्यायला हवं. पठार म्हणजे एकच एक सपाटी नव्हे, तर खळगी, डबकी, भेगा, पातळ मातीचे पट्टे, सुटे दगड अशा अनेक लहान लहान घरांची वस्ती आहे, हे त्यांच्यासारख्या अभ्यासकांनी दाखवलं. सुट्या दगडांचंच घ्या. आपल्याला तो दगड दिसतो, त्याच्याखाली पाल, विंचू, बेडूक आणि कोकणच्या प्रत्येक घरात ज्याच्या नावानं मुलांना बजावलं जातं ते फुरसं राहतं. दगड गोळा करून गडगा, म्हणजे दगडांचं कुंपण, घातला की ती सगळी घरं एका दिवसात मोडतात.

माधव गाडगीळ यांच्या अध्यक्षतेखालच्या पश्चिम घाट तज्ज्ञ समितीकडे २०१० साली जे काम सोपवलं गेलं, त्यात रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या दोन जिल्ह्यांचा खास उल्लेख होता. इथे नव्या प्रकल्पांच्या परवानग्या तेव्हा तात्पुरत्या थांबवल्या होत्या आणि त्या स्थगितीचं पुढे काय करायचं, हे समितीनं सांगायचं होतं. ऑगस्ट २०११ मध्ये अहवाल सादर झाला आणि कित्येक महिने लोकांसमोर आलाच नाही. माहिती अधिकारातून आणि न्यायालयातून वाट काढत तो २०१२ मध्ये खुला झाला. त्या अहवालावर 'लोकविरोधी' असा शिक्का मारणारे खूप भेटले. पण त्यातली मला सर्वांत महत्त्वाची वाटणारी गोष्ट कोणत्या क्षेत्रात काय बंद हा तक्ता नव्हताच. हे सगळं ग्रामसभांपुढे त्यांच्या भाषेत ठेवा, त्यांना ठरवू द्या, असं अहवाल सांगत होता. सावंतवाडी-दोडामार्ग पट्ट्यातल्या २५ ग्रामसभांनी आपण होऊन ठराव केले होते की आमचं गाव पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील जाहीर करा. लोकांना पर्यावरण नको असतं, या गृहीतकाला एवढं एक उदाहरण पुरे आहे.

त्यानंतर कस्तुरीरंगन समिती आली. तिनं २०१३ मध्ये घाटाची 'नैसर्गिक' आणि 'सांस्कृतिक' अशी विभागणी केली आणि उपग्रहावरून दिसणारं वनस्पती-आच्छादन, लोकवस्तीची घनता असे निकष लावून सुमारे ३७ टक्के क्षेत्र संवेदनशील ठरवलं. या चाळणीतून सडा कसा टिकणार? उपग्रहाला तो ओसाड दिसतो. आणि माणसाचा वावर आहे म्हणून तो नैसर्गिक नाही, असं म्हणावं तर गुरं चरणं आणि गवत कापणं हा त्याच्या जगण्याचाच भाग आहे. त्या विभागणीवरही अंतिम शिक्का बसलेला नाही. जुलै २०२४ मध्ये सहावी मसुदा अधिसूचना निघाली. तिच्यात महाराष्ट्राचं १७,३४० चौरस किलोमीटर क्षेत्र आहे. वायनाडमध्ये डोंगर खचून माणसं गाडली गेली, त्याच्या दुसऱ्या दिवशी ती निघाली.

आता चित्रांकडे येते, कारण सड्यानं मला सगळ्यात जास्त बांधून ठेवलं ते चित्रांनी.

रत्नागिरीचे सुधीर रिसबूड, धनंजय मराठे, सुरेंद्र ठाकुरदेसाई आणि त्यांचे सहकारी गेली कित्येक वर्षं सडे पायाखाली घालत आहेत. गुराख्यांना विचारत, म्हाताऱ्या माणसांशी बोलत, कातळावरची माती हातानं बाजूला सारत त्यांनी जे शोधून काढलं ती कातळखोद चित्रं आज दीड हजारांच्या वर गेली आहेत. हत्ती, वाघ, गेंडा, माकड, मोर, कासव, शार्क, वाघळी मासा. कशेळीचा हत्ती तर सुमारे १८ मीटर लांब आहे आणि त्याच्या पोटात आणखी डझनावारी लहान प्राणी खोदलेले आहेत. त्या हत्तीच्या कडेला उभं राहिलं तर तो दिसत नाही, नुसत्या रेषा दिसतात. तो पुरा पाहायचा तर वरून पाहावा लागतो. ज्यांनी तो खोदला त्यांना वरून पाहण्याची सोय नव्हती, तरी त्यांच्या मनात तो संपूर्ण होता. राजापूर तालुक्यातल्या बारसूला एक माणूस आहे आणि त्याच्या दोन्ही बाजूंना वाघ. देवाचे गोठणे इथे एका मानवाकृतीपाशी होकायंत्राची सुई भलतीकडे वळते. जांभ्यातल्या लोहामुळे तिथल्या चुंबकीय क्षेत्रात फरक पडलेला असावा. ती जागा निवडणाऱ्याला यातलं काय जाणवलं असेल, याचा विचार मला कधी सुटत नाही.

कोकणात आज गेंडा नाही. कातळावर तो आहे, शिंगासकट. काही अभ्यासक ही चित्रं मध्याश्मयुगापर्यंत, म्हणजे दहा-बारा हजार वर्षं मागे नेतात. सिंधुदुर्गात कोळोशीच्या गुहेत उत्खननात दगडी हत्यारंही मिळाली आहेत. नेमका काळ पुढे ठरत राहील. मला महत्त्वाचं वाटतं ते त्या नजरेचं. या माणसांनी माशाचे पर, हत्तीच्या सोंडेचा बाक, मोराची मान हे सगळं निरखलेलं होतं. आपल्या काळात परिसरशास्त्रज्ञ वही घेऊन जे करतात, त्याची एक जुनी शाखा इथे दगडात आहे. आणि त्यांनी निवडलेला फळा म्हणजे सडा. सातबारा ज्याला खराबा म्हणतो तीच जागा कोणाला तरी एवढी मोलाची वाटली होती की तिच्यावर महिनोन् महिने दगडानं दगड कोरावा.

२०२२ मध्ये या चित्रांपैकी महाराष्ट्रातली आठ आणि गोव्यातलं एक अशी नऊ ठिकाणं युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या संभाव्य यादीत गेली. त्यात बारसू आहे. आणि त्याच वर्षी जानेवारीत बारसूचं नाव दुसऱ्याही एका यादीत गेलं होतं.

नाणारचा तेलशुद्धीकरण प्रकल्प, वर्षाला ६ कोटी टनांचा, लोकांच्या विरोधानंतर मार्च २०१९ मध्ये रद्द झाला. मग जानेवारी २०२२ मध्ये तेव्हाच्या मुख्यमंत्र्यांनी पंतप्रधानांना पत्र लिहून बारसूची सुमारे १३ हजार एकर जागा सुचवली. एप्रिल २०२३ मध्ये माती परीक्षणाची यंत्रं पोलीस बंदोबस्तात सड्यावर आली, तेव्हा बायका त्या तापलेल्या कातळावर आडव्या झाल्या. शंभराहून जास्त आंदोलकांना ताब्यात घेतलं गेलं, नंतर अश्रुधूर सोडला गेला. त्याआधी फेब्रुवारीत रिफायनरीच्या बातम्या देणारे राजापूरचे पत्रकार शशिकांत वारिसे गाडीखाली चिरडले गेले. पोलिसांनी खुनाचा गुन्हा नोंदवला. पक्षांच्या भूमिका सत्तेबरोबर बदलल्या, हे कोकणातल्या प्रत्येकानं पाहिलेलं आहे. त्यावर शब्द घालवत नाही.

सड्यावरची ही पहिली लढाई नव्हती. जैतापूरच्या ९,९०० मेगावॅटच्या अणुप्रकल्पासाठी माडबनचा सडा घेतला गेला तेव्हाही जमीन ओसाड आहे, फारसं कोणाचं काही जात नाही, हाच सूर होता. एप्रिल २०११ मध्ये नाट्याला झालेल्या गोळीबारात एका तरुणाचा जीव गेला. प्रत्येक वेळी वादाच्या मुळाशी तोच प्रश्न होता: ही जागा रिकामी आहे का? प्रकल्पवाल्यांच्या नकाशावर ती रिकामी. आंदोलनातल्या बायकांच्या बोलण्यात तिथे गवत होतं, पाणी होतं, देवाची वाट होती, काजू होता. राजकारणातला संघर्ष वरवर नोकऱ्या विरुद्ध निसर्ग असा दिसतो. मला तो कोणाचं बघणं ग्राह्य धरायचं याचा वाटतो.

नोकऱ्यांचा मुद्दा मी हलका करत नाही. आजोळच्या वाडीत आज निम्म्या घरांना कुलपं आहेत आणि ती गणपतीत आठवडाभर उघडतात. मुलगा मुंबईला, मुलगी पुण्याला, मागे दोन म्हातारी माणसं. अशा घरासमोर उभं राहून सीतेच्या आसवांची महती सांगणं सोपं नसतं. पण सड्याचा प्रश्न विचारणाऱ्यांना विकासविरोधी म्हणणाऱ्यांनीही एक हिशोब मांडायला हवा. सड्याखालच्या झऱ्यांवर किती वाड्यांचं पाणी, किती पोफळीच्या बागा, किती भाताचे मळे अवलंबून आहेत, हे प्रकल्प अहवालात जमेच्या बाजूला कधी लिहिलं जातं का? जे रकान्यात नाही त्याची किंमत शून्य धरून केलेल्या बेरजेला मी हिशोब म्हणणार नाही.

आणि सडा फक्त रिफायनरीमुळे जात नाही. १९९० नंतर रोजगार हमीशी जोडलेल्या फळबाग योजनेत अनुदान मिळालं आणि कोकणात आंबा-काजूच्या बागा झपाट्यानं वाढत सड्यांवरही चढल्या. कातळात सुरुंग लावून खड्डे पाडायचे, खालून ट्रकनं माती आणायची, कलमं लावायची, गडगा घालायचा. शेतकऱ्याच्या हातात पैसा आला तो यातून, आणि तो यायलाच हवा होता. माझ्या मामाच्या मुलांची शिक्षणं हापूसवर झाली. पण सुरुंगानं फुटलेल्या जांभ्यात झिरपणाऱ्या पाण्याची वाट बदलते, दगडाखालचे जीव जातात. शिवाय चिऱ्याच्या खाणी आहेत. आता यंत्रानं चिरा कापतात, वर्षभरात टेकडीचा माथा बसतो. कोकणातलं घर जांभ्याचंच असावं असं मलाही वाटतं. पण जांभा किती वेगानं आणि कुठल्या सड्यातून काढायचा हे गावानं मिळून ठरवायला हवं, नाहीतर सडा तुकड्या तुकड्यानं संपेल आणि एकाही दिवशी त्याची बातमी होणार नाही.

बारसूच्या निमित्तानं एक गोष्ट ठळक झाली. फुलांसाठी, पाण्यासाठी, फुरशासाठी जे लक्ष मिळालं नाही ते चित्रांनी मिळवून दिलं. हजारो वर्षांचा वारसा म्हटल्यावर दिल्लीलाही ऐकावं लागलं, वर्तमानपत्रांनी पानं दिली. कलेची ही ताकद मोठी आहे, आणि मला तिचा आनंद आहे. त्याच जोडीला एक काळजीही आहे. चित्र वाचवायचं म्हणजे सरकारी पद्धतीनं काय होतं? चित्राभोवती कुंपण, जांभ्याचा चौथरा, फलक, पेव्हर ब्लॉकची वाट, गाड्यांसाठी तळ. चित्र राहतं आणि त्याच्या चारही बाजूंनी सडा जातो. मग तो हत्ती कशावर उभा राहणार?

एक बारीकशी अडचण तर मला फार मोलाची वाटते. कोरलेल्या रेषांमध्ये वर्षानुवर्षं माती साचते. पावसाळ्यात त्या रेषांच्या खोबणीत पाणी धरून राहतं, शेवाळ येतं, बोटभर गेंद उगवतो. मी एका चित्राची वक्ररेषा ऑगस्टमध्ये फुलांनी भरलेली पाहिली आहे. पुरातत्त्वाच्या अभ्यासकाला ती रेषा स्वच्छ हवी, नाहीतर चित्र वाचता येत नाही, आणि मुळं दगड फोडतात हेही खरं. वनस्पतींच्या अभ्यासकाला ती माती तशीच हवी. दोघंही बरोबर आहेत. त्यांनी एकाच सड्यावर एकत्र उभं राहून ऋतू पाहून ठरवावं, काय केव्हा साफ करायचं आणि काय तसंच ठेवायचं. आज पुरातत्त्व एका खात्यात आहे, जैवविविधता दुसऱ्या, महसूल तिसऱ्या आणि पाणी चौथ्या. सडा मात्र एकच आहे.

कासचं उदाहरण समोर असताना तर ही घाई करायला नको. तेही जांभ्याचंच पठार, सुमारे १२०० मीटर उंचीवरचं, २०१२ पासून जागतिक वारसा. फुलं पाहायला एवढी गर्दी लोटली की तिकीट, ऑनलाइन नोंदणी, कुंपण हे सगळं आलं. कुंपणामुळे गुरांची चराई थांबली, उंच गवत माजलं आणि बारक्या फुलांना जागा कमी पडते आहे अशी चर्चा सुरू झाली. शेवटी कुंपण काढावं लागलं. गावची गुरं हा त्या फुलांचा शत्रू नव्हता. सडा राखायचा तर त्यावर वावरणारी माणसं आणि जनावरं बाहेर काढून चालणार नाही, हे कोकणानं कासकडून आयतं शिकावं.

कायद्यात एक वाट आहे आणि ती फारशी कोणी चाललेलं नाही. २००२ च्या जैवविविधता कायद्यानुसार प्रत्येक ग्रामपंचायतीत जैवविविधता व्यवस्थापन समिती असायला हवी आणि तिनं लोकजैवविविधता नोंदवही तयार करायला हवी. बहुतेक ठिकाणी ही नोंदवही एखाद्या संस्थेकडून भरून घेतलेली, कपाटात पडलेली असते. ती पुन्हा उघडता येते. याच कायद्याखाली जैवविविधता वारसा स्थळंही जाहीर होतात. आंबोलीला हिरण्यकेशीच्या कुंडातल्या एका छोट्या माशासाठी २०२१ मध्ये तसं झालं, दोडामार्गात हेवाळे-बांबर्डे इथल्या रानजायफळाच्या दलदलीलाही तो दर्जा मिळाला. मासा आणि दलदल चालते, तर सडा का नाही? चित्रं, झरे, फुलं आणि चराई एकत्र धरून एखादा अख्खा सडा वारसा स्थळ म्हणून मागता येईल, आणि ती मागणी गावाकडूनच गेली तर तिला वजन येईल.

तेव्हा कोकणातल्या वाचकांना माझी एक विनंती आहे. १५ ऑगस्टला ग्रामसभा असते आणि सडा तेव्हा ऐन भरात असतो. सभेआधी सकाळी गावातली शाळेची मुलं, दोन-चार म्हाताऱ्या बायका, एखादा गुराखी आणि मिळाला तर वनस्पतींचा एखादा प्राध्यापक यांना घेऊन वर जा. कुठलं फूल कुठे, कुठल्या डबक्यात पाणी किती दिवस राहतं, कुठला झरा कोणाच्या बावीला जातो, कुठे चित्र आहे, कुठे गुरं बसतात, हे त्या बायकांच्या तोंडून लिहून घ्या. सड्याचा गट नंबर वर घाला. मग ते कागद ग्रामसभेत वाचा, नोंदवहीत घ्यायचा ठराव मांडा आणि ठरावाची प्रत सरपंचांच्या सही-शिक्क्यासह मागून घ्या. माझ्या आजोळच्या गावात या वर्षी आम्ही हेच करणार आहोत. मामीनं आतापासूनच नावं लिहायला घेतली आहेत, आणि त्यातली निम्मी मला कुठल्याच पुस्तकात सापडलेली नाहीत.